सरपंचपदाची वाटचाल : निवड, अविश्वास आणि अपात्रता

गावाचा कारभारी गावानेच निवडावा आणि त्याचा कारभार बिघडला तर कायद्याच्या चौकटीत त्याला पदावरून दूरही करता यावे, ही व्यवस्था महाराष्ट्राने टप्प्याटप्प्याने उभी केली. त्याआधी गावगाडा वतनावर चालत होता. पाटीलकी बापाकडून मुलाकडे जाई, कुलकर्ण्यांचे दप्तर त्याच घराण्यात राही. सरकारची मर्जी गेली तर वतनदार अडचणीत येई. रयतेची मर्जी गेल्याने त्याचे काही बिघडत नसे. परगणा व कुलकर्णी वतने १९५० च्या कायद्याने रद्द झाली, मुलकी पाटलाचे पद १९६२ च्या कायद्याने गेले. सरपंचपद कायद्याच्या पायावर भक्कम उभे राहिले तेही याच काळात.

या पदाची पूर्वपीठिका मात्र आणखी जुनी आहे. लॉर्ड रिपन यांच्या १८ मे १८८२ च्या ठरावाने स्थानिक स्वराज्याची दिशा ठरली. मुंबई इलाख्यात १८८४ च्या कायद्याने जिल्हा व तालुका लोकल बोर्डे आली, पण गाव बाहेरच राहिले. १९२० च्या मुंबई ग्रामपंचायत कायद्याने ती उणीव भरून काढण्याचा पहिला प्रयत्न केला. पंचायती थोड्या गावांत निघाल्या आणि त्यांच्या हाती पैसाही बेताचाच होता.

त्यानंतरच्या विधेयकावर मुंबई विधिमंडळात झालेली चर्चा या वाटचालीतला महत्त्वाचा टप्पा आहे. ऑक्टोबर १९३२ मध्ये ग्रामपंचायत विधेयकावर बोलताना डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी अस्पृश्य समाजाच्या प्रतिनिधित्वाचा प्रश्न ठामपणे मांडला. गावातल्या बहुसंख्याकांच्या हाती सत्ता गेली आणि अल्पसंख्याकांना संरक्षण नसले तर पंचायत त्यांच्यासाठी जाचाचे साधन ठरेल, हा त्यांच्या म्हणण्याचा गाभा होता. विधेयकाचा कायदा १९३३ मध्ये झाला. राखीव जागेवरून निवडून आलेल्या सरपंचाला बहुमताच्या जोरावर खाली खेचण्याचे प्रकार पुढे जेव्हा जेव्हा झाले, तेव्हा त्या इशाऱ्याचे मोल पुन्हा पुन्हा कळून आले.

स्वातंत्र्यानंतर राज्यघटनेच्या अनुच्छेद ४० ने ग्रामपंचायती स्थापन करण्याची जबाबदारी राज्यांवर टाकली. आजच्या महाराष्ट्राच्या भूभागात मात्र तेव्हा एकच कायदा नव्हता. पश्चिम महाराष्ट्र आणि कोकणात मुंबई इलाख्याचा १९३३ चा कायदा, विदर्भात मध्य प्रांत व वऱ्हाडचा १९४६ चा कायदा आणि मराठवाड्यात हैदराबाद राज्याचा कायदा, अशी तीन चुली मांडलेली स्थिती होती. १९५६ च्या पुनर्रचनेनंतर हे सर्व प्रदेश द्वैभाषिक मुंबई राज्यात आले आणि एकसारख्या कायद्याची गरज निर्माण झाली. त्यातून मुंबई ग्रामपंचायत अधिनियम, १९५८ आकाराला आला आणि १ जून १९५९ पासून अमलात आला. आजवर असंख्य दुरुस्त्या पचवून हाच कायदा गावाचा कारभार चालवतो आहे. २०१२ मध्ये त्याच्या नावातले ‘मुंबई’ जाऊन ‘महाराष्ट्र’ आले.

महाराष्ट्र राज्याच्या स्थापनेनंतर दोन महिन्यांच्या आत, जून १९६० मध्ये, वसंतराव नाईक यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. तिच्या अहवालावरून १९६१ चा जिल्हा परिषद व पंचायत समिती अधिनियम झाला आणि १ मे १९६२ रोजी त्रिस्तरीय रचना सुरू झाली. तिच्यामुळे सरपंचाच्या पदाला एक आधार मिळाला आणि एक पहाराही मिळाला. जिल्हा परिषदेचे मुख्य कार्यकारी अधिकारी, तालुक्याचे गटविकास अधिकारी आणि गावात ग्रामसेवक अशी साखळी तयार झाली. ग्रामनिधीतून पैसे काढताना सरपंचाच्या सहीबरोबर ग्रामसेवकाचीही सही लागते. निधीच्या गैरव्यवहाराच्या चौकशीत कागद तपासायला सुरुवात होते ती बहुधा इथूनच : रोकड वही, प्रमाणके, मासिक सभेचे इतिवृत्त आणि चेकवरच्या या दोन सह्या.

सरपंचाला पदावरून दूर करण्याचे मार्ग या कायद्याने सुरुवातीपासून वेगवेगळे ठेवले, आणि कायद्याची दूरदृष्टी इथेच दिसते. सदस्यांचा विश्वास उडणे ही एक गोष्ट, गैरवर्तन सिद्ध होणे ही दुसरी आणि पदावर राहण्याची पात्रताच संपणे ही तिसरी. तिन्हींसाठी कलम वेगळे, निर्णय देणारा वेगळा, पुरावाही वेगळा. गावातल्या चावडीवर या तिन्हींची सरमिसळ सर्रास होते; जिल्हाधिकाऱ्यांच्या दालनात ती चालत नाही.

पहिला मार्ग कलम ३५ चा, म्हणजे अविश्वास ठरावाचा. यात आरोप सिद्ध करावे लागत नाहीत. सदस्यांतून सरपंच निवडण्याची पद्धत होती तेव्हा एकूण सदस्यांपैकी किमान एक तृतीयांश सदस्यांनी विहित नमुन्यात तहसीलदारांकडे सूचना द्यायची आणि तहसीलदारांनी सात दिवसांत विशेष सभा बोलवायची, असा क्रम होता. सभेचे अध्यक्षस्थान सरपंचाकडे नसते, तहसीलदार स्वतः ते भूषवतात. सरपंचाला मात्र बोलण्याचा आणि मत देण्याचा हक्क राहतो. ठराव मंजूर व्हायला दोन तृतीयांश मते लागत. नऊ सदस्यांच्या पंचायतीत तिघांनी सूचना दिली तर सभा लागे, पण खुर्ची हलवायला सहा हात वर व्हावे लागत. हे मोजमाप उपस्थितांच्या संख्येवर होत नाही, एकूण सदस्यसंख्येवर होते. या एका तपशिलावर अनेक ठराव बारगळले आहेत.

या कलमाने गावाला एक हक्क दिला, तसा त्रासही दिला. सूचना दाखल झाल्यापासून सभेच्या दिवसापर्यंतचा आठवडा गावात तणावाचा जाई. सदस्य सहलीला नेले जात आणि सभेच्या दिवशीच जीपमधून थेट पंचायतीच्या दारात उतरत. सरपंच बदलला की पाणीयोजनेचा ठराव मागे पडे, घरकुलांची यादी पुन्हा चर्चेत येई. गटातटाच्या राजकारणात काही गावांनी एकाच मुदतीत दोन-दोन, तीन-तीन सरपंच पाहिले. म्हणूनच कायद्याने या हक्काला वेळेचे कुंपण घातले. निवडीनंतर ठराविक काळ ठराव आणता येत नाही, आणि फेटाळला गेला तर पुन्हा आणायला ठराविक काळ थांबावे लागते. ठराव मंजूर झाला तरी सरपंचाला सात दिवसांत जिल्हाधिकाऱ्यांकडे त्याच्या वैधतेबद्दल दाद मागता येते. सूचना सर्वांना बजावली होती का, बोलण्याची संधी दिली का, मते नीट मोजली का, हे तिथे तपासले जाते.

दुसरा मार्ग कलम ३९ चा आहे आणि तो खऱ्या अर्थाने दोषावर चालतो. कर्तव्य बजावताना गैरवर्तन, लाजिरवाणे वर्तन, कर्तव्यात हयगय, कर्तव्य पार पाडण्याची असमर्थता किंवा कामात सातत्याने केलेली कुचराई, ही या कलमातली कारणे. पदावरून दूर करण्याचा अधिकार पूर्वी जिल्हा परिषदेच्या स्थायी समितीकडे होता. स्थायी समिती ही राजकीय रचना, त्यामुळे निर्णयावर पक्षीय छाया पडण्याची भीती होती. पुढे हा अधिकार विभागीय आयुक्तांकडे गेला, ही सुधारणा योग्यच म्हटली पाहिजे. चौकशी मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांकरवी होते. पंचायतीला आणि संबंधित व्यक्तीला नोटीस दिल्याशिवाय आणि म्हणणे ऐकून घेतल्याशिवाय आदेश काढता येत नाही. आदेशाविरुद्ध राज्य शासनाकडे अपील आहे. आणखी एक तरतूद कमी लोकांना माहीत असते : सरपंचपद गेले म्हणजे सदस्यत्व आपोआप जात नाही. दोन्ही पदे वेगळी आहेत आणि सदस्यत्व काढायचे तर तसा आदेश द्यावा लागतो.

या कलमात पुढे मतदारालाही थेट जागा मिळाली. वार्षिक हिशेब व विकासकामांचा खर्च ग्रामसभेपुढे ठेवला नाही, फलकावर लावला नाही, अशी तक्रार घरपट्टी आणि पाणीपट्टी भरलेल्या किमान २० टक्के मतदारांनी केली तर त्यावरूनही चौकशी लागते. हिशेब गावाला दाखवणे हे सरपंचाच्या सौजन्यावर सोडलेले नाही, ते न दाखवणे हा पद जाण्याचा आधार आहे. ग्रामसभेचेही तसेच. वर्षातून किमान चार ग्रामसभा बोलवायच्या असतात. पुरेशा कारणाशिवाय त्या टाळल्या तर कलम ७ खाली, आणि पंचायतीच्या नियमित सभा टाळल्या तर कलम ३६ खाली सरपंच पदावर राहण्यास अपात्र ठरू शकतो. ‘पुरेसे कारण’ होते की नाही, हे जिल्हाधिकारी ठरवतात. पूर, आजारपण, आचारसंहिता ही कारणे ऐकली जातात. केवळ विरोधकांचे प्रश्न नकोत म्हणून सभा न लावणाऱ्याचा बचाव तिथे टिकत नाही.

१९७० मध्ये ल. ना. बोंगिरवार यांच्या आणि १९८४ मध्ये प्रा. पी. बी. पाटील यांच्या अध्यक्षतेखालील समित्यांनी पंचायत राज्याची झाडाझडती घेतली. दोन्ही समित्यांच्या कामाचे श्रेय नोंदवले पाहिजे, कारण राज्यघटनेतल्या पुढच्या बदलासाठी महाराष्ट्राची मानसिक तयारी त्यांनी करून ठेवली. तरीही या काळात निवडणुका वेळेवर होण्याची शाश्वती नव्हती. मुदत संपलेल्या पंचायती चालू राहत किंवा प्रशासकाच्या हाती जात.

२४ एप्रिल १९९३ रोजी ७३ वी घटनादुरुस्ती अमलात आली आणि हा काळ संपला. पाच वर्षांची मुदत घटनेत आली, अनुसूचित जाती-जमाती आणि महिलांचे आरक्षण आले, अनुच्छेद २४३-फ मध्ये अपात्रतेचा उल्लेख आला. १९९४ मध्ये राज्याच्या कायद्यात त्यानुसार बदल झाले आणि राज्य निवडणूक आयोग स्थापन झाला. पूर्वी ज्यांना पंचायतीच्या सतरंजीवर जागा नव्हती, ते आता खुर्चीत बसू लागले. एक तृतीयांश महिला आल्या, २०११ मध्ये हे प्रमाण निम्मे झाले.

नव्या सरपंचांची परीक्षा कठीण होती. राखीव पदावर आलेली बाई किंवा दलित, आदिवासी सरपंच आपल्या मताने चालू लागला की अविश्वासाची सूचना तहसीलात पोहोचे. राखीव जागेवर पात्र दुसरा सदस्य पंचायतीत नसला तर खुर्ची रिकामी ठेवून उपसरपंचामार्फत कारभार हाकायचा, ही युक्तीही गावांनी शोधली होती. कायद्याने याची दखल घेतली. महिलेसाठी राखीव असलेल्या सरपंचपदावरच्या महिलेविरुद्धचा ठराव तीन चतुर्थांश बहुमतानेच मंजूर होईल, अशी तरतूद झाली. नऊ जणांच्या पंचायतीत सहाच्या जागी सात मते लागू लागली. कागदावर हा फरक एका मताचा दिसतो. अनेक महिला सरपंचांची मुदत त्या एका मताने पूर्ण झाली. या महिलांना इतिवृत्त वाचायला, निविदा समजून घ्यायला आणि नियम दाखवून बोलायला शिकवणाऱ्या यशदासारख्या प्रशिक्षण संस्था, स्वयंसेवी कार्यकर्त्या आणि कामात चोख असलेले ग्रामसेवक यांचाही या यशात वाटा आहे.

तिसरा मार्ग अपात्रतेचा. कलम १४ मधल्या अपात्रता निवडणुकीच्या अर्जापुरत्या नसतात. निवडून आल्यावर एखादी अपात्रता लागू झाली तर कलम १६ खाली जिल्हाधिकारी पद रिकामे झाल्याचे ठरवतात. पंचायतीच्या ठेक्यात स्वतःचा किंवा भागीदाराचा हितसंबंध असणे हे यातले जुने आणि सर्वांत रास्त कारण. कराच्या थकबाकीचे कारणही जुनेच. मागणीचे बिल रीतसर बजावल्यापासून तीन महिन्यांत कर भरला नाही तर सदस्यत्व जाते, आणि सदस्यत्वाबरोबर सरपंचपदही. रक्कम किती, याला महत्त्व नाही. अशा प्रकरणांत युक्तिवाद बिल बजावले होते का, या एकाच प्रश्नावर येऊन थांबतो. बिलाच्या प्रतीवर पोच म्हणून सही आहे की नाही, नमुना ८ या कर आकारणीच्या नोंदवहीत घर कोणाच्या नावावर लागले आहे, घर एकत्र की विभक्त, हे सारे उलगडावे लागते.

या यादीत नव्या शतकात भर पडत गेली. १२ सप्टेंबर २००१ नंतर जन्मलेल्या अपत्यामुळे अपत्यसंख्या दोनपेक्षा जास्त झाली तर अपात्रता लागू झाली. हरियाणातील अशाच तरतुदीला सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्ये घटनात्मक मान्यता दिल्याने हा निकष टिकला. राखीव जागेवरच्या उमेदवाराने जात वैधता प्रमाणपत्र मुदतीत दिले नाही तर निवडच रद्द होण्याची तरतूद आली. राहत्या घरी शौचालय असणे आणि त्याचा वापर करणे हा निकषही आला. गावाला स्वच्छतेचे आवाहन करणाऱ्याने ते आधी स्वतः पाळावे, हा त्यामागचा विचार होता.

सर्वांत जास्त वाद मात्र अतिक्रमणाच्या कारणाने निर्माण केले. शासकीय जमिनीवर किंवा सार्वजनिक मालमत्तेवर अतिक्रमण करणारी व्यक्ती अपात्र, असे कलम १४ (१) (ज-३) सांगते. पण गावठाणालगतच्या सरकारी जागेत आजोबांनी घर बांधले आणि नातू त्यात राहतो, तर नातू अतिक्रमणदार की नाही? २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मूळ अतिक्रमण करणाऱ्यापुरताच या तरतुदीचा अर्थ घेतला. सप्टेंबर २०१८ मध्ये तीन न्यायमूर्तींच्या पीठाने तो बदलला. अतिक्रमित जागेत कुटुंबासह राहून तिचा लाभ घेणाराही अपात्र ठरतो, असे या पीठाने सांगितले. सार्वजनिक जागा राखण्याची जबाबदारी ज्याच्यावर, त्यानेच ती बळकावून बसू नये, या तत्त्वाला त्यामुळे बळ मिळाले. त्याच वेळी विरोधकांच्या हाती एक सोपे हत्यारही आले, हे नाकारता येत नाही. निवडणुकीचा गुलाल उतरायच्या आत सरपंचाच्या घराची मोजणी मागणारे अर्ज पडू लागले.

न्यायालयांनी हा तोल सावरला. पंजाबातील राजपुरा नगरपरिषदेच्या अध्यक्षांच्या प्रकरणात २००१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले होते की, एखादी चूक म्हणजे अधिकाराचा दुरुपयोग नव्हे आणि निवडून आलेल्या व्यक्तीला हलक्या कारणावरून काढता येत नाही. उत्तर प्रदेशातील एका प्रकरणात २०१० मध्ये याच न्यायालयाने अविश्वासाची तरतूद घटनेशी सुसंगत ठरवली. २०१२ मध्ये उरण नगरपरिषदेच्या अध्यक्षांच्या प्रकरणात पदावरून काढल्याने व्यक्तीवर लागणाऱ्या कलंकाची दखल घेऊन, कारणे न देता काढलेला आदेश न्यायालयाने रद्द केला. यातले दोन निकाल नगरपालिकांचे असले तरी कलम ३९ च्या सुनावण्यांत ते नित्य उद्धृत होतात. त्यांच्यामुळे चौकशी अहवालात ‘आरोप सिद्ध होतो’ एवढी एक ओळ लिहून भागत नाही. तो कसा सिद्ध होतो, तेही लिहावे लागते.

२०१७ मध्ये सरपंचपदाच्या वाटचालीने मोठे वळण घेतले. सरपंच सदस्यांतून न निवडता गावाने थेट निवडावा, असे ठरले. १ जानेवारी १९९५ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्यांसाठी किमान सातवी उत्तीर्ण असण्याची अट आली. निवड गावाची, तर काढण्याचा निर्णय एकट्या सदस्यांचा कसा? म्हणून अविश्वासाची रीतही बदलली. दोन तृतीयांश सदस्यांची सूचना, तीन चतुर्थांश सदस्यांची मंजुरी, आणि त्यानंतर जिल्हाधिकाऱ्यांनी नेमलेल्या अधिकाऱ्यासमोर विशेष ग्रामसभेत गुप्त मतदान. पहिली दोन वर्षे आणि मुदतीचे शेवटचे सहा महिने ठराव आणता येणार नाही, असेही बंधन आले. २०२० मध्ये थेट निवड रद्द झाली आणि २०२२ मध्ये पुन्हा आली. त्याच वर्षी डिसेंबरात सात हजारांहून अधिक ग्रामपंचायतींच्या निवडणुका थेट सरपंचासह झाल्या. धोरण असे मागेपुढे होत राहिल्याने काही काळ गावे, तहसील कार्यालये आणि वकील सगळेच गोंधळात पडले. जुन्या पद्धतीने निवडलेल्या सरपंचाला कोणता नियम लावायचा, हा प्रश्न उच्च न्यायालयापर्यंत गेला. तहसीलदारांनी आणि ग्रामविकास विभागाच्या कर्मचाऱ्यांनी हा गोंधळ निस्तरत निवडणुका आणि सभा पार पाडल्या, याची नोंद इथे व्हायलाच हवी.

सप्टेंबर २०२४ मध्ये जळगाव जिल्ह्यातील विचखेडा गावच्या महिला सरपंचाचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात निकाली निघाले. सरकारी जागेवरच्या घरात सासूसोबत राहतात, असा आरोप करून त्यांना अपात्र ठरवण्यात आले होते. आपण वेगळ्या ठिकाणी भाड्याने राहतो, असे त्यांचे म्हणणे होते. न्यायमूर्ती सूर्यकांत आणि न्यायमूर्ती उज्जल भुयान यांच्या पीठाने अपात्रतेचे आदेश रद्द करून त्यांना पदावर परत आणले. ग्रामीण भागातील निवडून आलेल्या महिलेला काढण्याची बाब इतक्या सहजपणे घेतली जाऊ नये आणि खालच्या स्तरावरच्या अधिकाऱ्यांनी वस्तुस्थिती नीट तपासावी, असे न्यायालयाने बजावले. एक बाई सरपंच झाली हेच गावातल्या काहींना पचले नाही, हेही निकालात स्पष्टपणे आले आहे.

महाराष्ट्रात आज २७ हजारांहून अधिक ग्रामपंचायती आहेत आणि त्यांतल्या निम्म्या सरपंचपदांवर महिलांचा हक्क आहे. एखाद्या सरपंचाविरुद्ध अर्ज आला की तो आता ठरलेल्या वाटेने जातो. अविश्वासाची सूचना तहसीलदारांकडे, गैरवर्तनाची तक्रार मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांच्या चौकशीतून आयुक्तांकडे, अपात्रतेचा अर्ज जिल्हाधिकाऱ्यांकडे. अर्जदाराला कागद जोडावे लागतात, सरपंचाला उत्तर देण्याची मुदत मिळते, निकाल कारणांसह लिहिला जातो आणि त्यावर अपील चालते. सरपंच थेट निवडून आलेला असेल आणि विषय अविश्वासाचा असेल, तर सदस्यांनी मंजूर केलेला ठरावही गावच्या मतपेटीतून पार पडल्याशिवाय लागू होत नाही.